आतोबांचे पंधरा चौकोन

आमच्या आतोबांनी उभ्या आयुष्यात कुठलीही गोष्ट नुसती वाटली म्हणून नाही; आधी तिचा मसावि काढला आणि मग वाटली. आतोबा म्हणजे माझ्या सख्ख्या आत्याचे यजमान. पैठणच्या आसपासच्या खेड्यांतल्या शाळांमधून पाचवी-सहावीला गणित शिकवण्यात त्यांची सगळी नोकरी गेली, आणि निवृत्तीनंतर ते पडेगावला घर बांधून राहिले. गणिताच्या पुस्तकात काय कमी धडे असतात? अपूर्णांक असतात, क्षेत्रफळ असतं, सरळव्याज असतं. पण माणसाचा जीव कशावर जडेल काही सांगता येत नाही. आतोबांचा जडला तो महत्तम सामाईक विभाजकावर. ज्यांनी शाळा सोडताना हे प्रकरण तिथंच ठेवून दिलं त्यांच्यासाठी सांगतो: दोन संख्या घ्यायच्या आणि दोघींनाही जिनं पूर्ण भाग जाईल अशी सगळ्यात मोठी संख्या शोधायची, तो मसावि. अठरा आणि चोवीसचा सहा. झालं. आपण दोन मार्कांपुरतं हे शिकतो आणि निकाल लागायच्या आत विसरतो. आतोबांना मात्र त्यात न्याय दिसायचा. सगळ्यांना सारखं मिळतं आणि मागं काही उरत नाही, याहून माणसानं आणखी काय मागायचं, असं ते मनापासून विचारायचे. मसाविचा जुळा भाऊ जो लसावि, त्याच्याशी त्यांनी सगळी नोकरी सावत्रपणा केला. तीन घंटा पुन्हा एकदम कधी वाजतील हे त्यातलं ठरलेलं गणित. आतोबा ते मुलांकडून एकदा सोडवून घ्यायचे आणि म्हणायचे, "वाजतील तवा वाजतील. आपल्याला काय घाई हाय? चला पुढं."

औरंगपुऱ्यात माझं शालेय पुस्तकांचं दुकान आहे. आतोबा आठवड्यातून एकदा तरी स्कूटरवरून तिथं यायचे, स्टुलावर बसायचे आणि नव्या गाइडांतली शाब्दिक उदाहरणं पेपरातल्या बातम्यांसारखी वाचायचे. एखादं आवडलं तर गिऱ्हाइकाला थांबवून ऐकवायचे. बिचारा माणूस लेकीसाठी निबंधाचं पुस्तक घ्यायला आलेला असायचा आणि दोन दोऱ्यांचे सारख्या लांबीचे जास्तीत जास्त मोठे तुकडे करण्यात अडकायचा. मी काही बोललो तर म्हणायचे, "अरे, तुझं गिऱ्हाईक शहाणं होऊन जाईल, त्यात तुझंच भलं हाय." शहाणं झालेलं गिऱ्हाईक पुन्हा दुकानाच्या वाटेला येत नाही हे त्यांना कोण सांगणार?

उदाहरणं पुस्तकात ठेवून घरी जाणारा हा माणूस नव्हता, हीच खरी अडचण होती. त्यांच्या कॉलनीत गणपतीच्या प्रसादाच्या पिशव्या करायचं काम एका वर्षी त्यांच्याकडं आलं, किंवा त्यांनी ते ओढून घेतलं म्हणा. लाडू होते छत्तीस आणि केळी एकोणपन्नास. आतोबांनी दोन्ही आकडे ऐकले आणि त्यांचा चेहरा पडला. ह्या सहमूळ संख्या आहेत, दोघींनाही एकदम भाग जाईल असं एकाशिवाय दुसरं काहीच नाही, म्हणजे सगळ्या प्रसादाची मिळून एकच पिशवी होणार, असं त्यांनी अध्यक्षांना गंभीरपणे सांगितलं. अध्यक्ष म्हणाले, कुणाला एखादं केळं जास्त जाईल, काय बिघडतं? हे ऐकून आतोबांनी त्यांच्याकडं असं पाहिलं, की त्यांनी जणू कुणाचा खिसाच कापायला सांगितला होता. मग त्यांनी एक केळं उचललं, तिथंच मांडवात उभ्यानं सोलून खाल्लं, साल नीट घडी करून खिशात घातली आणि म्हणाले, "आता अठ्ठेचाळीस. करा बारा पिशव्या. तीन लाडू, चार केळी." आत्या शेजारी पिशव्या उघडत बसली होती. ती मला हळूच म्हणाली, "मागल्या साली दोन नारळ वर झाले व्हते. ते कसे खावेत म्हणून दिवसभर नुसतं कुढत व्हते."

पडेगावच्या घराच्या फरशीची कथा तर त्या भागातले मिस्त्री अजून एकमेकांना सांगतात. स्वयंपाकघर बारा फूट लांब आणि नऊ फूट रुंद. आता बारा आणि नऊचा मसावि तीन. म्हणजे तीन फुटी चौकोनी फरशी बसवली की एकही तुकडा न कापता खोली पुरी होते. पुस्तकात हे उदाहरण शिकवताना त्यांनी किती पिढ्यांना घाम फोडला असेल. आता ते स्वतःच्या घरात सोडवायला मिळणार म्हटल्यावर ते नव्या नवरदेवासारखे खुलले होते. फरशीचं काम घेतलं होतं एका चाचांनी. त्यांनी परोपरीनं समजावलं, "मास्तर, दो बाय दो लेव, बाजू में थोडा कटिंग आयेगा, किसको दिखता?" कटिंग हा शब्द आतोबांना शिवीसारखा लागायचा. शेवटी शहाबादी फरशीचे तीन फुटी चौकोन मुद्दाम कापून आणवले. एकेक धोंड आत न्यायला चार माणसं लागत होती. आणि शेवटची ओळ बसवताना लक्षात आलं, की मापं घेतली तेव्हा भिंतींना गिलावा नव्हता. गिलाव्याची जाडी भरली आणि खोली बोटभर आखडली. चाचा छिन्नी घेऊन फरशीपाशी बसले, तसे आतोबा मध्ये आडवे झाले. म्हणाले, "फरशीला हात लावायचा नाय. भिंत तासा." चाचांनी छिन्नी खाली ठेवली, दाढी खाजवली आणि म्हणाले, "सारी दुनिया दीवार देख के फरशी काटती. तुम फरशी देख के दीवार छिलवा रै." पण छिलली बरं का त्यांनी. वर आत्यानं सगळ्यांना चहा-पोहे केले. मजूर गेल्यावर ती त्या गार फरशीवर मधोमध मांडी घालून बसली आणि किती वेळ उठलीच नाही. सगळा जन्म तिनं बदलीच्या गावी भाड्याच्या खोल्यांत काढला होता. कुठं चूल घरमालकिणीच्या नजरेसमोर, कुठं नळ सामाईक, कुठं भिंतीला खिळा ठोकायचा तर विचारून ठोकायचा. तासलेल्या भिंतीशी तिला काही देणंघेणं नव्हतं. तिला ते स्वयंपाकघर तिचं म्हणून हवं होतं.

आता हे सगळं वाचून तुम्हाला वाटेल, की माणूस नुसता विक्षिप्त. तसं नव्हतं, आणि म्हणूनच त्यांच्यावर धड रागावताही यायचं नाही. माझ्या लग्नानंतरच्या दिवसांत बायकोचं आणि माझं चांगलंच वाजलं होतं. ती माहेरी जायची भाषा करत होती आणि मी दुकानातच जेवायला लागलो होतो. आतोबा एका रविवारी घरी आले, दोघांना समोर बसवलं आणि शाळेतल्यासारखं विचारलं, तुझे विभाजक सांग, मग तुझे सांग. म्हणजे काय, तर कुणाला काय काय आवडतं. मला जुनी गाणी, तिला शांतता. मला तिखट, तिला गोडं वरण. मला माणसं, तिला मोजकी माणसं. आतोबा मान हलवत ऐकत राहिले. मग बायकोच पुटपुटली, की उन्हाळ्यात गच्चीवर पाणी मारून झोपायला दोघांनाही आवडतं. "सापडला," आतोबा म्हणाले. "लई मोठा नसंल, पण हाय. अन् नसता सापडला तरी बी एक तर असतोच. एकानं भाग जात नाय अशी संख्या देवानं केलीच नाय." तेव्हा आम्ही दोघंही हसलो. नंतर कधीतरी एकटाच असताना मला ते वाक्य आठवलं आणि हसू आलं नाही. संसारात किती जोडपी त्या एकावरच वर्षानुवर्षं काढतात, असं वाटत राहिलं.

तर असा हा न्यायी माणूस. त्यांच्या मनात गेल्या दिवाळीआधी आलं, की आपल्या डोळ्यांदेखत पडेगावच्या जागेची वाटणी करून टाकावी. मागं भांडणं नकोत. त्यांना तीन मुलं: थोरला पुण्याला, धाकटा इथंच वाळूजच्या एका कंपनीत, आणि लेक पैठणला दिलेली. लेकीला बरोबरीचा वाटा द्यायचा यात त्यांच्या मनात कधी दुसरा विचार आला नाही, आणि याबद्दल मी त्यांना मनातल्या मनात दहा वेळा नमस्कार केला आहे. जागा साठ फूट बाय छत्तीस फूट. एका कोपऱ्यात तीन खोल्यांचं घर, बाकी मोकळं अंगण. आतोबांनी मला लगेच फोन केला. "साठ अन् छत्तीसचा मसावि बारा. बारा फुटी चौकोन पाडले तर लांबीत पाच, रुंदीत तीन. पंधरा झाले. लेकरं तीन. पाच, पाच, पाच! निःशेष जातंय लेका, निःशेष! जागा घेतानाच देवानं हिशेब करून ठेवला व्हता, मलाच उमगला नव्हता." त्यांच्या आवाजात एवढा आनंद मी त्यांच्या मुलांच्या लग्नातही ऐकला नव्हता.

भाऊबीजेला सगळे जमले. मला टेपचं दुसरं टोक धरायला बोलावलं होतं. आतोबांनी कबड्डीचं मैदान आखतात तशी फक्की आणली होती, आणि सकाळपासून अंगणात वाकून वाकून पांढऱ्या रेघा ओढत होते. अंगण संपलं आणि रेघ घराच्या पायरीला येऊन लागली. मला वाटलं आता थांबतील. कशाचं काय! ते खडू घेऊन आत गेले. एक रेघ बाहेरच्या खोलीतून गेली, पलंगाखालून निघाली आणि तशीच स्वयंपाकघरात शिरली. ओट्यावर चढली तेव्हा गॅसची शेगडी थोरल्याच्या वाटणीला आली आणि भांडी घासायचं सिंक लेकीच्या. थोरला ओशाळून म्हणाला, "अण्णा, आताच कशाला हे? आम्ही काही मागितलंय का?" लेक तर हसून हसून बेजार झाली होती, की दादाच्या गॅसवर चहा करायचा आणि कप माझ्याकडं धुवायचे. धाकटा दारातून नुसता बघत होता. आतोबांचं कुणाकडंच लक्ष नव्हतं. ते बाहेर आले आणि तिघांना आपापल्या चौकोनांत उभं केलं. शाळेत प्रार्थनेला मुलं उभी करावीत तशी.

तेवढ्यात आत्या चहाचा ट्रे घेऊन दारात आली. पायरी उतरली आणि रेघांपाशी येऊन थांबली. कुणाला वाटलं पावलानं रेघ पुसली जाईल म्हणून थांबली असेल. तिनं तिन्ही लेकरांकडं पाहिलं, मग नवऱ्याकडं, आणि अगदी साध्या आवाजात विचारलं, "समद्यांचं झालं वाटून?"

"झालं," आतोबा म्हणाले. "काहीच उरलं नाय."

"मंग मी कुठं उभी राहू?"

आतोबांनी पंधरा चौकोनांवरून नजर फिरवली. उत्तर चुकलं की ते फळ्याकडं जसं बघत असतील, तसं ते अंगणाकडं बघत राहिले. खरंच आत्यासाठी त्यात जागा नव्हती, आणि त्यांच्या स्वतःसाठीही नव्हती. मनात काही वाईट नव्हतं हो. आमच्या या माणसानं वस्तू मोजल्या, घेणारे मोजले, आणि देणारी दोन माणसं मोजायची राहूनच गेली. पण गणिती माणूस तो. क्षणभरात त्यांचा चेहरा उजळला. "अगं, सोपं हाय! माणसं पाच धर. पंधरा भागिले पाच, तीन. ज्याला त्याला तीन-तीन. तरी निःशेषच जातंय की."

आत्या म्हणाली, "म्हंजी माझे तीन येगळे अन् तुमचे तीन येगळे? मधी रेघ?"

आत्यानं ट्रे पायरीवर ठेवला. ती कधी चारचौघांत बोलणारी नव्हे. पण त्या दिवशी बोलली. म्हणाली, "तुमच्या नोकरीपायी जिथं नेलं तिथं गेले. लोकांच्या घरात राहिले, लोकांच्या भिंती सारवल्या. हे एक घर माझं म्हणून मिळालं. ते बी तुम्ही लेकरांत वाटलं, अन् मला इचारलं नाय. लेकरं ठेवतील, ठेवणार नाय असं न्हाई. पन ठेवून घेतलेलं माणूस अन् घरातलं माणूस यात फरक असतो." एवढं बोलून ती आत गेली. थोड्या वेळानं मी पाणी प्यायला गेलो तेव्हा ती ओल्या फडक्यानं ओट्यावरची खडूची रेघ पुसत होती. रेघ केव्हाच गेली होती, तरी पुसत होती. मला तिच्याकडं बघवेना. मी तसाच माघारी फिरलो.

त्यानंतरच्या आठवड्यात आतोबा दुकानात आले. स्टुलावर बसले. सहावीचं गाइड मागितलं. मला बरं वाटलं, की स्वारी रुळावर आली. त्यांनी एक उदाहरण वाचलं, मग दुसरं, मग पुढच्या गाइडात तिसरं. कुणा गिऱ्हाइकाला थांबवलं नाही. मग मला जवळ बोलावलं आणि बोट ठेवून दाखवलं. "हे बघ. एका आईने चोवीस लाडू आणि छत्तीस करंज्या केल्या. प्रत्येक डब्यात सारखे लाडू व सारख्या करंज्या भरून जास्तीत जास्त किती डबे होतील? उत्तर बारा. बरोबर हाय?"

"बरोबर आहे, आतोबा."

"ह्यातला आईचा डबा कोणता?"

मी म्हणालो, "तसं विचारलेलं नाही ना उदाहरणात."

"नाय इचारलं," ते म्हणाले. "मी बी कधी इचारलं नाय. अन् येवढी लेकरं माझ्या हाताखालून गेली, त्यातल्या एकानं बी हात वर करून म्हटलं नाय, की गुरुजी, आईला काय राहिलं?" त्यांनी गाइड मिटलं आणि माझ्या हातात दिलं. आत्याचं नाव त्यांनी काढलं नाही, आणि मीही काढलं नाही. गल्लीतून रिक्षा हॉर्न वाजवत जात होत्या. मी चहा मागवला, तो त्यांनी अर्धाच घेतला. मला त्यांची थट्टा करायची फार सवय होती. त्या दिवशी मी ते गाइड नुसतं फळीवर परत ठेवलं.

पुढं संक्रांत झाल्यावर एकदा त्यांनी मला पडेगावला बोलावलं. आत्या पायरीवर बसून वाटाणे सोलत होती. अंगणातली फक्की वाऱ्यानं आणि येण्याजाण्यानं कधीच विरून गेली होती. आतोबा आतून एक प्लास्टिकची पिशवी घेऊन आले आणि तिच्यापुढं धरली. आत बक्षीसपत्र होतं. घर आणि जागा, सगळं आत्याच्या नावावर. तिन्ही मुलांना आधी विचारलं होतं आणि तिघांनीही आनंदानं होकार दिला होता. थोरला तर म्हणाला होता, की अण्णा, हे तुम्ही पहिल्यांदाच बरोबर गणित केलं. आत्याला कागदावरची सरकारी भाषा काही नीट लागेना, म्हणून मी वाचून सांगितलं. ती ऐकत होती आणि शेंगा सोलायचा हात थांबला होता.

"समदं माझ्या नावावर?" तिनं विचारलं.

"समदं," आतोबा म्हणाले. "न वाटता."

तिनं माझ्या हातातून कागद घेतला आणि पुन्हा पिशवीत घातला. मग नवऱ्याकडं मान वर करून म्हणाली, "पुन्यांदा चुकलात तुम्ही. ह्यात तुम्ही कुठं हायसा?"

आतोबा तिच्यासमोर उभे होते. शाळेतल्या पोरासारखे हात मागं बांधून. ते म्हणाले, "तू ठेवून घेशील तर इथंच राहीन म्हणतो."

आत्यानं शेंगांची परात उचलून दुसऱ्या बाजूला ठेवली आणि पायरीवर थोडी सरकली. आतोबा तिच्या शेजारी बसायला वाकले. गुडघ्यावर हात ठेवून, भिंतीला धरून, हळूहळू. त्यांना बसायला फार वेळ लागला. आत्यानं त्यांचा दंड धरला आणि ते टेकेपर्यंत सोडला नाही. ही दोघं एवढी म्हातारी कधी झाली, ते मला कळलंच नव्हतं.